बंदुकीचा परवाना आणि कलेक्टरची लेखणी

केज तालुक्यातील मस्साजोगचे सरपंच संतोष देशमुख यांचे ९ डिसेंबर २०२४ रोजी दिवसाढवळ्या अपहरण झाले आणि त्याच दिवशी अमानुष मारहाणीत त्यांचा अंत झाला. पवनचक्की प्रकल्पाच्या कंपनीकडे मागितलेली खंडणी या हत्येच्या मुळाशी होती, असे तपास यंत्रणेने दोषारोपपत्रात म्हटले आहे. त्याचा निवाडा हा न्यायालयाचा विषय आहे. देशमुख यांचा जीव बंदुकीच्या गोळीने गेला नव्हता. असे असूनही त्या हत्येनंतर बीड जिल्ह्यात जी चर्चा सर्वांत आधी उसळली ती बंदुकांचीच होती, आणि ते स्वाभाविक होते. राख, वाळू, मुरूम, पवनचक्क्या आणि ऊसतोड मजुरांची मुकादमी यांवर पोसलेल्या मंडळींनी कमरेला पिस्तूल लावून काढलेली छायाचित्रे, मिरवणुकीत हवेत झाडलेल्या गोळ्यांच्या चित्रफिती, हे सारे जिल्ह्यातील जनता कित्येक वर्षे पाहत होती. ग्रामसभेत ज्याच्या कमरेला पिस्तूल दिसते, त्याला ते बाहेर काढावे लागत नाही. हिशेब मागायला उठलेला माणूस आपोआप खाली बसतो.

या बंदुका बहुतांशी चोरबाजारातल्या असत्या, तर प्रश्न केवळ पोलिसांचा झाला असता. परंतु त्यांतील कित्येक सरकारी शिक्क्याच्या होत्या. सामाजिक कार्यकर्त्या अंजली दमानिया यांनी त्या वेळी चव्हाट्यावर आणलेल्या आकड्यांप्रमाणे बीड जिल्ह्यात बाराशेहून अधिक शस्त्र परवाने होते. शेजारच्या परभणीत अवघे बत्तीस. गोदावरीच्या एका तीरावर माणसाच्या जिवाला चाळीस पट अधिक धोका असतो काय? असे विचारल्यावर शासनाला जाग आली. डिसेंबर अखेरीस मुख्यमंत्री देवेंद्र फडणवीस यांनी बंदुकांसह छायाचित्रे झळकविणाऱ्यांचे परवाने तपासून रद्द करावेत असे निर्देश दिले, जिल्ह्याला नवे पोलीस अधीक्षक आले, आणि जानेवारी २०२५ मध्ये जिल्हाधिकाऱ्यांनी परवाने रद्द करण्यास आरंभ केला. पहिल्या टप्प्यातच ही संख्या शंभराच्या घरात गेली. वृत्तपत्रांनी मथळे दिले. सामान्य माणसाला वाटले, चला, एक काम तरी झाले.

वस्तुतः काम तेथे सुरू होते. परवाना रद्द झालेला माणूस स्वस्थ बसत नाही, आणि कायद्याने त्याने स्वस्थ बसावे अशी अपेक्षाही नाही. जिल्हाधिकाऱ्याच्या आदेशाविरुद्ध तीस दिवसांत विभागीय आयुक्तांकडे अपील करण्याचा अधिकार शस्त्र अधिनियमाच्या १८ व्या कलमाने त्याला दिलेला आहे. म्हणजे बीड, परळी, केज, अंबाजोगाईचे कागद छत्रपती संभाजीनगरच्या आयुक्त कार्यालयात येतात. तेथे दाद लागली नाही, तर त्याच शहरात जालना रस्त्यावरील उच्च न्यायालयाचे खंडपीठ आहे. शहराचे नाव बदलले, तरी वकिलांच्या आणि पक्षकारांच्या तोंडी ते औरंगाबाद खंडपीठच आहे. मराठवाड्यातील जनतेने आणि वकिलांनी दीर्घकाळ केलेल्या मागणीनंतर २७ ऑगस्ट १९८१ रोजी ते सुरू झाले. गरीब पक्षकाराला मुंबईचा हेलपाटा पडू नये हा त्यामागील हेतू होता. त्या खंडपीठाच्या पायऱ्या गरीब पक्षकारापेक्षा पिस्तूलधारी पक्षकाराला चढायला सोप्या जातात, ही विषमता तेथील न्यायमूर्तींनी निर्माण केलेली नाही. पण ती डोळ्यांआड करण्यातही अर्थ नाही.

अशी प्रकरणे न्यायालयात जातात, तेव्हा अनेकदा असे घडते की आदेश रद्दबातल होतो किंवा प्रकरण फेरविचारासाठी परत पाठविले जाते. फेरविचारासाठी परत पाठविणे म्हणजे निर्दोषत्वाचे प्रमाणपत्र नव्हे, हे वकिलाला कळते. गावाला ते कळत नाही. गावाला दिसते ते एवढेच, की दोन महिन्यांपूर्वी ज्याची बंदूक पोलीस ठाण्यात जमा झाली होती तो ती परत घेऊन आला, गावच्या पारावर त्याचा सत्कार झाला, आणि ज्याने त्याच्याविरुद्ध जबाब दिला होता त्याच्या दारावरून मोटारींची मिरवणूक गेली. अशा वेळी कार्यकर्त्यांच्या तोंडून सहज उद्गार निघतो, की कोर्टेच गुंडांना बंदुका परत देतात. हा उद्गार संतापातून येतो आणि तो समजण्यासारखा आहे. परंतु समाजवादी चळवळीतील माणसाने तो तपासल्याशिवाय उच्चारू नये, कारण तो जेथे नेऊन पोहोचवितो ती जागा चळवळीच्या शत्रूंना फार सोयीची आहे.

आधी कायदा काय सांगतो ते पाहावे. शस्त्र अधिनियम, १९५९ च्या १७ व्या कलमात परवाना निलंबित वा रद्द करण्याची कारणे दिलेली आहेत. धारक कायद्याने शस्त्र बाळगण्यास अपात्र ठरला असेल, तो मनोरुग्ण असेल वा अन्य कारणाने परवान्यास अयोग्य असेल. सार्वजनिक शांतता व सुरक्षिततेसाठी तसे करणे आवश्यक असेल. परवाना खोटी माहिती देऊन वा महत्त्वाची माहिती दडवून मिळविला असेल. परवान्याच्या अटींचा भंग झाला असेल. किंवा परवाना हजर करण्याची नोटीस धारकाने धुडकावली असेल. एवढी कारणे कोणत्याही कर्तव्यदक्ष अधिकाऱ्यास पुरेशी आहेत. मात्र त्याच कलमात एक बंधनही आहे. अधिकाऱ्याने आपली कारणे लेखी नोंदविली पाहिजेत, आणि धारकाने मागितल्यास त्यांचा गोषवारा त्याला दिला पाहिजे. सार्वजनिक हिताच्या दृष्टीने तो देणे अनिष्ट असेल तेवढाच अपवाद. न्यायालय जेव्हा असे प्रकरण हाती घेते, तेव्हा या माणसाकडे बंदूक असावी की नसावी हे ते ठरवीत नाही. ते आदेशाकडे पाहते. नोटीस दिली होती काय, तीत आरोप स्पष्ट होता काय, उत्तर ऐकले काय, समोर पुरावा कोणता होता, आणि त्या पुराव्यावरून कायद्यातील नेमके कोणते कारण सिद्ध होते हे अधिकाऱ्याने स्वतः ठरविले काय, एवढेच त्याचे प्रश्न असतात.

बंदूक बाळगणे हा भारतात मूलभूत हक्क नाही, याबद्दल आता शंका उरलेली नाही. १९९३ मध्ये अलाहाबाद उच्च न्यायालयाच्या एका निकालात तो जीविताच्या हक्काचा भाग मानला गेला होता. पुढे त्याच न्यायालयाच्या पूर्णपीठाने ते मत मान्य केले नाही. फेब्रुवारी २०२३ मध्ये सर्वोच्च न्यायालयानेही विनापरवाना शस्त्रांच्या सुळसुळाटाची स्वतःहून दखल घेताना, अमेरिकेच्या राज्यघटनेसारखा हक्क आपल्या घटनेत कोणालाही दिलेला नाही असे नमूद केले. तरीही दिलेला परवाना काढून घेताना मनमानी चालणार नाही, हे तत्त्व कायम आहे. उत्तर प्रदेशात परवान्याच्या बंदुका देशात सर्वाधिक, म्हणून या विषयावरील निकालही तेथे सर्वाधिक. १९७२ मध्ये अलाहाबादच्या न्यायालयाने सांगितले, की परवानाधारकाचे कोणाशी वैर आहे एवढ्यावरून सार्वजनिक शांततेस धोका आहे असे म्हणता येत नाही. दोहोंमधील संबंध अधिकाऱ्याने दाखविला पाहिजे. १९७८ मध्ये त्याच न्यायालयाने आणखी स्पष्ट केले, की फौजदारी गुन्ह्यात नाव येणे हे स्वतः परवाना रद्द करण्याचे कारण होऊ शकत नाही. हे निकाल वकिलांच्या फायलींत पहिल्या पानावर असतात.

या निकालांनी धनदांडग्यांचीच सोय केली असे ज्याला वाटते, त्याने फौजदारी गुन्ह्यात कोणाकोणाचे नाव येते ते आठवावे. रस्ता रोको केला की गुन्हा. तहसीलीवर मोर्चा नेला की गुन्हा. जमावबंदीचा हुकूम मोडला, सरकारी कामात अडथळा आणला, सामंजस्याला बाधा येईल असे भाषण केले, की गुन्हा. मराठवाड्यात नामांतराच्या चळवळीपासून ते पीकविमा आणि दुष्काळी अनुदानाच्या आंदोलनांपर्यंत ज्याने ज्याने रस्त्यावर पाय ठेवला, त्याच्या नावापुढे गुन्ह्यांची जंत्री आहे. पोलिसांच्या कागदात नाव असणे म्हणजे दोषी असणे, हे एकदा मान्य केले की त्याचा उपयोग कोणाविरुद्ध प्रथम होईल हे सांगण्यास ज्योतिषाची गरज नाही.

या संदर्भात एक निकाल समाजवादी कार्यकर्त्याने तरी विसरू नये. ऑगस्ट १९६५ मध्ये पाटण्याच्या जिल्हा दंडाधिकाऱ्याने डॉ. राममनोहर लोहिया यांना भारत संरक्षण नियमांखाली स्थानबद्ध केले. नियमात शब्द होते ‘सार्वजनिक सुव्यवस्था’. दंडाधिकाऱ्याने आदेशात लिहिले ‘कायदा आणि सुव्यवस्था’. सर्वोच्च न्यायालयाने ७ सप्टेंबर १९६५ रोजी तो आदेश बेकायदा ठरवून लोहियांची सुटका केली. न्यायमूर्ती हिदायतुल्ला यांनी तीन वर्तुळांची प्रसिद्ध उपमा त्याच निकालपत्रात दिली : सर्वांत मोठे वर्तुळ कायदा व सुव्यवस्थेचे, त्याच्या आत सार्वजनिक सुव्यवस्थेचे, आणि त्याच्याही आत राज्याच्या सुरक्षिततेचे. दोन माणसांतील प्रत्येक भांडण बाहेरच्या वर्तुळात बसते. आतल्या वर्तुळात प्रत्येक भांडण बसत नाही. पाटण्याच्या त्या अधिकाऱ्याच्या दृष्टीने ही केवळ शब्दांची कसरत असेल. लोहियांच्या दृष्टीने ती हजारीबागच्या तुरुंगाबाहेर पडण्याची वाट होती.

आज बीडमधील एखादा वाळूसम्राट ‘माझे भाऊबंदांशी भांडण आहे, त्याचा सार्वजनिक शांततेशी काय संबंध’ असे खंडपीठापुढे म्हणतो, तेव्हा त्याचा वकील ज्या शिडीचा आधार घेतो तिची पहिली पायरी लोहियांच्या प्रकरणातली आहे. हे कटू आहे. पण म्हणून ती शिडी मोडून टाकावी काय? विनाकारण, विनाचौकशी, केवळ अधिकाऱ्याच्या ‘समाधाना’वर माणसाचा हक्क काढून घेता येतो, हा सिद्धान्त देशाने आणीबाणीत अनुभवला आहे. त्या दिवसांत मिसाखाली ज्यांनी महिनोन्‌महिने काढले ते कार्यकर्ते याच पक्षाचे होते.

दुसरा निकाल आपल्या मुंबईचा आहे आणि तो तर थेट परवान्याचाच आहे. अंधेरी येथे चित्रपटगृह बांधण्यासाठी एका गृहस्थाला मुंबईच्या पोलीस आयुक्ताने जुलै १९४७ मध्ये परवानगी दिली. सप्टेंबरमध्ये त्याच आयुक्ताने पत्र पाठविले, की शासनाच्या निर्देशावरून ही परवानगी रद्द करण्यात येत आहे. प्रकरण सर्वोच्च न्यायालयात गेले. १९५१ मध्ये न्यायमूर्ती व्हिव्हियन बोस यांनी निकाल दिला, की कायद्याने अधिकार आयुक्ताला दिलेला आहे, शासनाला नाही. तेव्हा निर्णय आयुक्ताने स्वतः केला पाहिजे. तो केला होता असे नंतर प्रतिज्ञापत्रात सांगून चालणार नाही, कारण आदेशाचा अर्थ आदेशातील शब्दांवरून लावावयाचा असतो. (बोस आणि हिदायतुल्ला हे दोघेही नागपूरच्या जुन्या उच्च न्यायालयाचे मुख्य न्यायाधीश राहिलेले, कलेक्टर कचेरीत आदेश कसे तयार होतात हे त्यांना दिल्लीत बसून शिकावे लागले नव्हते.)

या निकालाच्या उजेडात डिसेंबर २०२४ च्या घोषणेकडे पाहावे. मुख्यमंत्र्यांनी निर्देश दिले याबद्दल त्यांना दोष देण्याचे कारण नाही; जनतेचा दबाव होता आणि त्याला त्यांनी प्रतिसाद दिला. परंतु ज्या जिल्हाधिकाऱ्याने आपल्या आदेशात ‘शासनाच्या निर्देशानुसार’ हे दोन शब्द लिहिले, त्याने परवानाधारकाच्या वकिलाचे अर्धे काम करून ठेवले असे समजावे. शिवाय त्यातून एक विचित्र गुंता निर्माण होतो. शासनाने स्वतः वा शासनाच्या निर्देशाखाली केलेल्या आदेशाविरुद्ध १८ व्या कलमाखाली अपीलच करता येत नाही. म्हणजे आयुक्तांची पायरी गळते आणि प्रकरण थेट रिट याचिकेच्या रूपाने खंडपीठापुढे उभे राहते. आणि तेथे आदेशाच्या समर्थनार्थ उभे राहणाऱ्या सरकारी वकिलाच्या हातात त्या घोषणेच्या मथळ्याशिवाय काही नसते. सभागृहात टाळ्या मिळविणारी घोषणा आणि न्यायालयात टिकणारा आदेश या दोन वेगळ्या वस्तू आहेत. पहिलीला एक मिनिट लागतो. दुसरीसाठी पोलीस ठाण्याच्या नोंदवह्या, साक्षीदारांचे जबाब, पंचनामे, गुन्ह्यांच्या तारखा आणि त्यांचे पुढे काय झाले याची माहिती, हे सारे जुळवून प्रत्येक माणसाचा स्वतंत्र विचार करावा लागतो.

नेमके हेच होत नाही. ठाण्यातून तालुक्याला, तेथून अधीक्षक कार्यालयाला, तेथून कलेक्टर कचेरीच्या गृह शाखेला असा अहवाल वर चढत जातो. वर चढताना त्यात काहीही भर पडत नाही. उलट प्रत्येक टप्प्यावर तपशील गळतो, आणि शेवटी ‘सदर इसमाविरुद्ध गुन्हे दाखल असून त्याच्याकडे शस्त्र राहिल्यास कायदा व सुव्यवस्थेचा प्रश्न निर्माण होण्याची शक्यता नाकारता येत नाही’ असे एक वाक्य उरते. हे वाक्य कोणाच्याही बाबतीत खरे आहे. म्हणूनच ते न्यायालयात कोणाच्याही बाबतीत उपयोगी पडत नाही. नाव आणि परवाना क्रमांक तेवढे बदलून शंभर आदेश काढले, तर शंभर आदेशांत एकच दोष राहतो.

तडीपारीच्या प्रकरणांत हेच दृश्य दिसते. जालना जिल्ह्यातील एका तरुणाला जिल्ह्यातून दोन वर्षांसाठी हद्दपार करणारा आदेश औरंगाबाद खंडपीठाने कायम केला होता; जानेवारी २०२२ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तो रद्द केला. हद्दपारी ही असाधारण उपाययोजना आहे, ती माणसाच्या देशभर मुक्तपणे वावरण्याच्या हक्कावर घाव घालते, आणि कमाल मुदतीची हद्दपारी करताना ती का आवश्यक आहे हे आदेशात दिसले पाहिजे, असे न्यायालयाने बजावले. हद्दपारीचे आदेश आणि परवाना रद्द करण्याचे आदेश यांचा मालमसाला एकाच पोलीस ठाण्यातून येतो आणि तो एकाच भाषेत लिहिलेला असतो. फरक इतकाच, की पहिल्या आदेशाचा बळी बहुधा झोपडपट्टीतला, पारधी वस्तीतला किंवा संघटनेतला असतो आणि त्याला खंडपीठापर्यंत पोहोचायला पैसे नसतात. कारणांशिवाय आदेश टिकू देऊ नये, हा नियम बंदूकवाल्याला वाचवितो तेव्हा तो डोळ्यांत खुपतो. पण त्याची खरी गरज ज्याला आहे तो दुसराच आहे.

तेव्हा राग धरावयाचा असेल, तर तो योग्य जागी धरावा. बाराशे परवाने आकाशातून पडलेले नाहीत. प्रत्येक परवान्यामागे पोलीस ठाण्याचा अनुकूल अहवाल आहे आणि जिल्हा दंडाधिकाऱ्याची सही आहे. कायद्याने लांब नळीची साधी बंदूक आणि शेतीच्या राखणीसाठी ठासणीची बंदूक यांचा विचार वेगळा केलेला आहे. पिकात रानडुकरे शिरतात म्हणून शेतकऱ्याने मागितलेली बंदूक त्या वर्गात येते. पिस्तूल आणि रिव्हॉल्व्हर यांसाठी मात्र सबळ कारण आहे अशी अधिकाऱ्याची खात्री पटली पाहिजे. परळी-केजच्या कमरांवर जी दिसतात ती रानडुकरांसाठी नाहीत. ही खात्री कोणाची, केव्हा आणि कशाच्या आधारे पटली? परवाना रद्द झाला म्हणजे तो मुळात चुकीचा दिला गेला होता किंवा नंतर परिस्थिती बदलली, यांपैकी एक खरे असले पाहिजे. पहिले खरे असेल, तर धारकाबरोबर शिफारस करणाराही चौकशीच्या पिंजऱ्यात हवा. आमदार-खासदारांची चिठ्ठी हा त्या चौकशीतला पहिला कागद ठरावा.

कायद्यातील आणखी एक तरतूद येथे सांगण्याजोगी आहे. पुरेशी मालमत्ता नाही एवढ्याच कारणावरून कोणालाही परवाना नाकारता येणार नाही, असे १४ वे कलम स्पष्ट म्हणते. इंग्रजांच्या १८७८ च्या कायद्याखाली बंदूक ही राजनिष्ठ जमीनदाराच्या प्रतिष्ठेची निशाणी होती; स्वतंत्र भारताने ती परंपरा मोडावी असा या वाक्याचा हेतू होता. प्रत्यक्षात जमीनदाराच्या जागी ठेकेदार आला.

शस्त्राचा हक्क हा राष्ट्रीय चळवळीला परका विषय नव्हता. जानेवारी १९३० मध्ये गांधीजींनी व्हाइसरॉय आयर्विनपुढे ज्या अकरा मागण्या ठेवल्या, त्यांतील शेवटची स्वसंरक्षणार्थ बंदुकीचे परवाने देण्याविषयी होती आणि तिला जोडलेली अट होती लोकनियंत्रणाची. १९३१ च्या कराची ठरावातही नियमांच्या अधीन राहून शस्त्र बाळगण्याचा हक्क होता. डिसेंबर १९४८ मध्ये घटनासमितीत हरि विष्णु कामत यांनी, जे पुढे प्रजा समाजवादी पक्षात आले, हा हक्क मूलभूत हक्कांत घालावा अशी दुरुस्ती मांडली. डॉ. आंबेडकरांनी तिला विरोध केला : प्रत्येकाने बाजारात जाऊन हवे ते शस्त्र विकत घ्यावे अशी मुभा दिली तर राज्यकारभार चालविणे अशक्य होईल. दुरुस्ती फेटाळली गेली आणि ते योग्यच झाले. पण हक्क नाकारताना गांधीजींच्या मागणीतील ‘लोकनियंत्रण’ हा शब्दही हरवला. नियंत्रण राहिले ते कचेरीचे, लोकांचे नाही. आज एखाद्या गावातील ग्रामसभेला आपल्या गावात किती परवाने आहेत आणि ते कोणत्या कारणासाठी दिले गेले, हे कोणी स्वतःहून सांगत नाही.

दलित-आदिवासींच्या बाबतीत तर कायद्याने कचेरीच्या हाती आणखी धारदार हत्यार दिले आहे. अत्याचार प्रतिबंधक कायद्याखालील १९९५ च्या नियमांतील तिसरा नियम सांगतो, की अत्याचारप्रवण म्हणून निश्चित केलेल्या भागात अनुसूचित जाती-जमातींबाहेरील व्यक्तींचे शस्त्र परवाने रद्द करून शस्त्रे सरकारी शस्त्रागारात जमा करून घ्यावीत, आणि आवश्यक वाटल्यास अनुसूचित जाती-जमातींच्या लोकांना स्वसंरक्षणासाठी परवाने द्यावेत. मराठवाड्यातील आठ जिल्ह्यांत या नियमाखाली आजवर किती परवाने रद्द झाले आणि किती दिले गेले, हा प्रश्न जिल्हा दक्षता समितीच्या प्रत्येक बैठकीत विचारला गेला पाहिजे. तो विचारणारा माणूस त्या समितीवर नसेल, तर तो तेथे का नाही हेही विचारावे.

प्रशासनाला खरोखरच इच्छा असेल, तर न्यायालयात टिकणारे आदेश काढणे मुळीच कठीण नाही. ज्याने हवेत गोळ्या झाडल्या त्याच्याविरुद्ध मोघम ‘सुव्यवस्था’ लिहिण्याचे प्रयोजन काय? २०१९ च्या दुरुस्तीने आनंदोत्सवात गोळीबार करणे हा स्वतंत्र गुन्हा ठरविला आहे आणि त्याला दोन वर्षांपर्यंत कैद आहे. गुन्हा नोंदवावा, चित्रफीत न्यायवैद्यक प्रयोगशाळेकडे पाठवावी, वापरलेल्या काडतुसांचा हिशेब मागावा आणि अटींचा भंग या नेमक्या कारणाखाली नोटीस द्यावी. ज्याने अर्जात आपल्यावरील खटले दडविले, त्याच्याविरुद्ध माहिती दडविल्याचे कारण तयार आहे. त्याला पुरावा म्हणून त्याचाच अर्ज पुरतो. जो वारंवार दमदाटी करतो त्याच्याकडून शांतता राखण्याचा वा चांगल्या वर्तणुकीचा बंधपत्राचा आदेश दंडाधिकाऱ्यांनी घ्यावा. शस्त्र अधिनियमाच्या ९ व्या कलमाप्रमाणे त्या बंधपत्राची मुदत असेपर्यंत तो शस्त्र बाळगण्यास अपात्र होतो. निवडणुकीच्या काळात सरसकट सर्वांची शस्त्रे जमा करण्याच्या प्रथेवरही मुंबई उच्च न्यायालयात, गोव्यातील एका परवानाधारकाच्या याचिकेवर, दंडक घातले गेले. निवडणूक आयोगाने त्यानंतर छाननी समित्यांची पद्धत स्वीकारली आणि प्रत्येक धारकाचा वेगळा विचार होऊ लागला. जे निवडणुकीत जमते ते एरवी जमू नये असे काही नाही. छत्रपती संभाजीनगर शहरात परवाना देणारे आणि रद्द करणारे पोलीस आयुक्त असतात. त्यांनाही हे सारे तितकेच लागू आहे.

पक्षाच्या तालुका शाखांनी या कामात बघ्याची भूमिका घेऊ नये. २०१९ च्या दुरुस्तीने परवान्याची मुदत तीन वर्षांवरून पाच वर्षांवर गेली आणि एका माणसाजवळ तीनऐवजी दोनच शस्त्रे राहू शकतात असे ठरले. त्या दुरुस्तीनंतर दिलेल्या वा नूतनीकरण केलेल्या परवान्यांची मुदत डिसेंबर २०२४ नंतर टप्प्याटप्प्याने संपू लागली आहे. नूतनीकरण म्हणजे शिक्का मारणे नव्हे. १५ व्या कलमाप्रमाणे नवा परवाना देताना जी तपासणी करावयाची तीच नूतनीकरणाच्या वेळीही करावयाची असते. रद्द करण्याच्या आदेशात जे सिद्ध करण्याचे ओझे अधिकाऱ्यावर पडते, ते येथे बरेच हलके असते, कारण कारण दाखविण्याची पाळी अर्जदारावर येते. हरकती नोंदवावयाच्या त्या याच वेळी. त्या निनावी असू नयेत आणि ‘सदर इसम गुंड प्रवृत्तीचा आहे’ अशा थाटाच्याही असू नयेत. कोणत्या तारखेला, कोठे, कोणासमोर शस्त्र दाखविले, ठाण्यात तक्रार केव्हा दिली, तिचा नोंद क्रमांक काय, पोलिसांनी ती नोंदविण्यास नकार दिला असल्यास अधीक्षकांकडे टपालाने केव्हा पाठविली आणि तिची पोच कोठे आहे, एवढे लिहिलेला एक कागद दहा निवेदनांना भारी ठरेल. साक्ष देणारा एकटा पडू नये म्हणून त्या कागदाखाली शाखेच्या पाच-दहा कार्यकर्त्यांनी आपल्या पूर्ण नावा-पत्त्यासह सह्या कराव्यात, आणि कलेक्टर कचेरीत सुनावणीची तारीख लागेल त्या दिवशी त्याच्याबरोबर बीडला जावे.